मिसिसिपीत मतदार व्हायचं म्हणजे नेमकं काय करावं लागे

१९६४ च्या उन्हाळ्यात सुमारे हजार स्वयंसेवक अमेरिकेच्या मिसिसिपी राज्यात गेले. बहुतेक जण उत्तरेकडच्या कॉलेजांतले गोरे विद्यार्थी होते आणि काम होतं कृष्णवर्णीय नागरिकांची नावं मतदारयादीत चढवण्याचं. त्या मोहिमेला ‘फ्रीडम समर’ म्हणतात. या मुलांनी घरी लिहिलेली पत्रं, ऑफिसला दिलेले अहवाल, नोटरीपुढे केलेली प्रतिज्ञापत्रं आज मोठ्या संख्येने वाचायला मिळतात. मराठी वाचक मात्र पहिल्या काही पानांतच अडखळतो. एखादी बाई नाव नोंदवायला कोर्टाच्या इमारतीत जाते, दिवसभर रांगेत उभी राहते, रिकाम्या हाताने परतते, महिन्याने पुन्हा जाते. नाव नोंदवायला इतकं काय लागतं, असं वाटत राहतं.

आपल्याकडची रीत वेगळी असल्यामुळे तसं वाटतं. भारतात मतदारयादी तयार करणं हे सरकारचं काम मानलं गेलं. १९५१-५२ च्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीआधी सरकारी माणसं दारोदार फिरली, आणि लिहिता-वाचता न येणाऱ्यालाही मत देता यावं म्हणून पक्षांना चिन्हं दिली गेली. अमेरिकेत नोंदणीचा भार नागरिकावर होता. त्याने स्वतः जायचं, अर्ज भरायचा, पात्रता सिद्ध करायची. नियम राज्याचे, आणि ते लावणारा अधिकारी काउंटीतल्याच, म्हणजे राज्याच्या आपल्या जिल्ह्यासारख्या विभागातल्याच, गोऱ्या मतदारांनी निवडून दिलेला. मिसिसिपीत हा अधिकारी म्हणजे सर्किट क्लार्क. सगळी गोम या एका माणसाच्या टेबलावर होती.

वंशावरून मताधिकार नाकारता येणार नाही, असं अमेरिकेच्या राज्यघटनेची १५वी दुरुस्ती १८७० पासून सांगते. त्यामुळे मिसिसिपीने १८९० मध्ये स्वतःची नवी राज्यघटना केली तेव्हा तिच्यात वंशाचा शब्दही न काढता अटी घातल्या. मतदान-कर भरलेला हवा, आणि राज्यघटनेचं कलम वाचता यावं किंवा वाचून दाखवलेलं समजावं. १९५४ मध्ये ‘किंवा’ गेला: वाचताही यायला हवं, लेखी अर्थही सांगता यायला हवा, शिवाय नागरिकाच्या कर्तव्यांवर चार ओळी लिहायला हव्यात. १९६० मध्ये ‘चांगल्या चारित्र्या’ची अट आली. १९६२ मध्ये आणखी कायदे आले. प्रत्येक अट कागदावर गोऱ्या-काळ्या सगळ्यांना सारखीच होती, आणि म्हणूनच ती कोर्टात मोडून काढणं कठीण होतं.

आता तो अर्ज पाहू. त्यात २१ प्रश्न होते. सुरुवातीचे साधे दिसतात: तारीख, पूर्ण नाव, वय, जन्मस्थळ, व्यवसाय, राहण्याचं ठिकाण. त्यातच एक प्रश्न असा की, तुम्ही कोणाकडे कामाला आहात? शहरी वाचकाची नजर त्यावरून सरकून जाते. मळ्यावर राबणाऱ्या माणसासाठी हा सगळ्यांत धोक्याचा रकाना होता, कारण तो भरला की मालकाला कळवणं क्लार्कच्या हातात गेलं. शेवटाकडे खरी परीक्षा. क्लार्क राज्यघटनेचं एक कलम निवडून देई, ते जसंच्या तसं उतरवायचं, खाली त्याचा ‘वाजवी अर्थ’ लिहायचा, मग नागरिकाच्या कर्तव्यांबद्दलची समजूत, मग शपथ आणि सही. राज्यघटनेत २८५ कलमं. कोणतं द्यायचं हे क्लार्कने ठरवायचं आणि अर्थ वाजवी आहे की नाही हेही त्यानेच. ‘कर्जासाठी कोणालाही कैद होणार नाही’ असं एका ओळीचं ३०वं कलम याच राज्यघटनेत आहे. करआकारणी किंवा महामंडळांविषयीची लांबलचक कलमंही त्यातच आहेत. गोऱ्या अर्जदारासमोर कोणतं येई आणि काळ्या शिक्षिकेसमोर कोणतं, हे पुढे केंद्र सरकारच्या न्यायखात्याने अर्जांचे गठ्ठे शेजारी-शेजारी लावून कोर्टाला दाखवलं.

फॅनी लू हेमर यांचं प्रकरण इथे जवळून पाहण्यासारखं आहे. ३१ ऑगस्ट १९६२ रोजी रुलव्हिल गावातून १८ जण एका जुन्या बसने इंडियानोला या काउंटीच्या मुख्य गावी गेले, त्यांत त्या होत्या. वय ४४, एका मळ्यावर १८ वर्षं काम केलेलं. त्यांना १६वं कलम आलं, कायदे मागच्या तारखेपासून लागू करता येणार नाहीत अशा अर्थाचं. उतरवून काढलं, पण अर्थ लिहिता आला नाही, असं त्यांनी नंतर स्वतःच सांगितलं. परतताना पोलिसांनी बस अडवली आणि बसचा रंग चुकीचा आहे म्हणून ड्रायव्हरला दंड केला. मळ्यावर पोचल्या तर मालकाचा निरोप तयार होता: अर्ज मागे घ्या नाहीतर चालत्या व्हा. त्याच रात्री त्यांनी घर सोडलं. तिसऱ्या खेपेला, १० जानेवारी १९६३ रोजी, त्या परीक्षा पास झाल्या. त्याच वर्षी मत द्यायला गेल्या तेव्हा कळलं की दोन वर्षांच्या मतदान-कराच्या पावत्या हव्यात. त्या नव्हत्या. मत देता आलं नाही.

या कराचं गणित नीट पाहायला हवं. वर्षाला २ डॉलर, आणि सलग दोन वर्षांचा भरलेला हवा. कापूस खुरपणाऱ्या मजुराला तेव्हा दहा तासांच्या दिवसाला साधारण ३ डॉलर मिळत. रक्कम डोंगराएवढी नव्हती, पण हंगाम संपल्यावर, हातात पैसा नसताना, ती १ फेब्रुवारीच्या आत भरायची असे, आणि घेणारा होता शेरीफ, काउंटीचा पोलीसप्रमुख. म्हणजे ज्याच्या सावलीलाही लोक उभे राहत नसत त्याच्याच ऑफिसात जाऊन, निवडणुकीचं नाव काढून, पावती मागायची. जानेवारी १९६४ मध्ये २४व्या दुरुस्तीने केंद्रीय निवडणुकांपुरता हा कर गेला. राज्याच्या निवडणुकांसाठी तो चालूच होता.

अर्ज भरला म्हणजे सुटलं असंही नव्हतं. निकाल महिन्याभराने स्वतः जाऊन विचारायचा. नापास झालात तर कारण सांगायचं नाही, कारण कारण सांगणं म्हणजे अर्जदाराला मदत करणं, असं १९६२ च्या कायद्याने ठरवून टाकलं होतं. शिवाय त्याच कायद्याने अर्जदारांची नावं दोन आठवडे स्थानिक वर्तमानपत्रात छापणं बंधनकारक केलं. कोणाही मतदाराने उठून त्यांच्या चारित्र्यावर हरकत घ्यावी, हा त्यामागचा कायदेशीर हेतू. प्रत्यक्षात ती यादी मालकाला, बँकेला, दुकानदाराला आणि रात्री गाड्या घेऊन फिरणाऱ्यांना आयती मिळे. वाट्याने शेती करणाऱ्या कुटुंबाचं राहतं घर मालकाचं, बियाणं-खताची उचल मालकाची, हिशेबाची वही मालकाकडे. त्याने उचल थांबवली की वर्ष बुडालं. १९५४ मध्ये इंडियानोलातच स्थापन झालेल्या ‘सिटिझन्स कौन्सिल’ या गोऱ्या प्रतिष्ठितांच्या संघटनेने हा आर्थिक फास पद्धतशीर वापरला. १९६२ च्या शरद ऋतूत लेफ्लोर काउंटीने तर सरकारी शिधावाटपच बंद केलं. सुमारे २२,००० गरीब माणसं त्यावर हिवाळा काढत असत. मग नोंदणीचं काम करणारे तरुण उत्तरेकडून धान्य आणि कपडे मागवून वाटू लागले, आणि शिध्याच्या रांगेतच नोंदणीबद्दल बोलू लागले.

हे काम १९६४ च्या पाहुण्यांनी सुरू केलेलं नव्हतं, ही गोष्ट त्यांची पत्रं वाचताना सतत लक्षात ठेवावी लागते. क्लीव्हलँड गावचे अ‍ॅम्झी मूर यांच्यासारखे स्थानिक लोक आधीपासून धडपडत होते. त्यांच्या सांगण्यावरून न्यूयॉर्कचा गणितशिक्षक बॉब मोझेस १९६१ मध्ये मॅकोम भागात नोंदणीचे वर्ग घेऊ लागला. तो ‘स्निक’ या विद्यार्थी संघटनेचा कार्यकर्ता. त्याला साथ देणारे शेतकरी हर्बर्ट ली यांना २५ सप्टेंबर १९६१ रोजी लिबर्टी गावात एका आमदाराने भर दिवसा गोळी घातली. आमदार सुटला. खरं सांगायला तयार झालेले साक्षीदार लुई अ‍ॅलन यांचा ३१ जानेवारी १९६४ ला त्यांच्याच फाटकाशी खून झाला. काळी माणसं मेली तर देशाला पत्ता लागत नाही, गोऱ्या घरातली मुलं आली तर वार्ताहर आणि केंद्र सरकार मागोमाग येतील, हा हिशेब मोझेस आणि त्याच्या सहकाऱ्यांनी उघडपणे केला होता. त्यावर त्यांच्यातच कडाक्याचे वाद झाले. हिशेब कटू होता आणि खरा ठरला.

स्वयंसेवकांचं प्रशिक्षण ओहायो राज्यातल्या ऑक्सफर्ड गावी, वेस्टर्न कॉलेज फॉर विमेनमध्ये झालं. जूनमध्ये दोन तुकड्या, एकेक आठवडा. प्रत्येकाने जामिनासाठी ५०० डॉलरची तजवीज करून यायचं, खर्चही स्वतःचा. मार पडताना अंग कसं आवळायचं ते शिकवत: कुशीवर पडायचं, गुडघे पोटाशी, हातांनी डोकं आणि कानशिलं झाकायची. अहिंसेच्या या शिकवणीचा एक धागा नागपूरपर्यंत येतो. जेम्स लॉसन हे मेथडिस्ट धर्मोपदेशक १९५३ ते १९५६ नागपूरच्या हिस्लॉप कॉलेजात होते. अलाबामा राज्यातल्या मॉन्टगोमेरीत कृष्णवर्णीयांनी बसवर टाकलेल्या बहिष्काराची बातमी त्यांनी नागपुरातच वर्तमानपत्रात वाचली. परतल्यावर नॅशव्हिलमध्ये त्यांनी घेतलेल्या अहिंसेच्या वर्गांतून डायन नॅश, जॉन लुईस, बर्नार्ड लाफायेट ही मंडळी तयार झाली आणि ‘स्निक’च्या उभारणीत पुढे राहिली. राममनोहर लोहिया यांनाही मे १९६४ मध्ये मिसिसिपीच्या राजधानीत, जॅक्सनमध्ये, गोऱ्यांसाठी राखीव उपाहारगृहात शिरल्याबद्दल अटक झाली होती.

सुरक्षेच्या सूचना अगदी बारीक होत्या आणि प्रत्येकीमागे काहीतरी घडून गेलेलं होतं. एकट्याने कुठेही जायचं नाही, गाडीने तर नाहीच, रात्री मुळीच नाही. गाडीच्या आतला दिवा काढून टाकायचा, म्हणजे दार उघडल्यावर आतला माणूस उजेडात येणार नाही. पेट्रोलच्या टाकीला कुलूप. गाडीत हातोडी, कानस, रिकामी बाटली यांतलं काहीही ठेवायचं नाही, कारण पोलीस तेच ‘हत्यार’ म्हणून दाखवतात. स्थानिक लोकांची नावं-पत्ते लिहिलेला कागद जवळ बाळगायचा नाही. रात्री उजेड पाठीशी ठेवून दारात उभं राहायचं नाही. नंबरप्लेट नसलेली गाडी दिसली की टिपून ठेवायची.

गावात पोचल्यावर दारोदार फिरणं सुरू होई. दोघादोघांनी जायचं. कापूस खुरपणारे पहाटे ट्रकमधून शेतावर जात, म्हणून संध्याकाळी किंवा रविवारी चर्चनंतर. मोठ्या माणसांना ‘मिस्टर’, ‘मिसेस’ म्हणायचं, आडनावाने. गोरे लोक साठीच्या काळ्या माणसालाही एकेरी नावाने किंवा ‘बॉय’ म्हणून हाक मारत, त्यामुळे एका ‘मिसेस’ने दार वेगळ्या तऱ्हेने उघडे. नवख्यांची फसगत मात्र ठरलेली होती. गोरा मुलगा काय विचारेल त्याला समोरचा ‘हो साहेब’ म्हणून मोकळा होई. दहा घरांत दहा होकार मिळाले म्हणून पोरं हरखायची, आणि ठरलेल्या सकाळी चर्चच्या पायरीशी कोणीच नसायचं. तो होकार म्हणजे ‘कृपा करून जा’ असं होतं. वर्षानुवर्षांच्या सवयीने गोऱ्या माणसाला नकार देता येत नव्हता. म्हणून अनुभवी कृष्णवर्णीय कार्यकर्ते पहिल्या भेटीत अर्जाचा विषय टाळत. पायरीवर बसायचं, पिकापाण्याचं बोलायचं, सभेला या म्हणायचं, पुन्हा जायचं.

जे तयार होत त्यांचा वर्ग चर्चमध्ये भरे. अर्जाच्या प्रती वाटून प्रत्येक रकाना पुन्हा पुन्हा भरून घेत. घाबरलेला माणूस कलमाच्या अर्थाआधीच अडकत असे: तारीख राहते, लागू नसलेला प्रश्न कोरा सुटतो, सही भलत्या जागी होते. कायद्याने प्रत्येक रकाना कोणाच्याही मदतीशिवाय भरायचा असल्यामुळे एवढी चूक नापास करायला पुरे. ठरलेल्या दिवशी गाड्या जमवून सगळे एकत्र निघत. कोर्टाच्या इमारतीत क्लार्क एकावेळी एकदोघांनाच आत घेई, जेवायला निघून जाई, वेळ संपली म्हणून दार लावी. स्वयंसेवकाला आत जाता येत नसे. तो बाहेर फुटपाथवर उभा राहून एक काम करू शकत असे, ते म्हणजे लिहून ठेवणं.

या लिहिण्याचं मोल आज सहज निसटतं. १९५७ आणि १९६० च्या नागरी हक्क कायद्यांनी न्यायखात्याला नोंदणीची दप्तरं तपासायचा आणि खटले भरायचा अधिकार दिला होता, पण खटल्याला पुरावा लागतो. ‘आम्हाला छळतात’ हे कोर्टात टिकत नाही. अमुक तारखेला, इतके वाजता, अमुक बाई आत गेल्या, इतक्या वेळाने बाहेर आल्या, त्यांना या क्रमांकाचं कलम दिलं होतं, त्यांच्यानंतर आलेला गोरा तरुण लगेच अर्ज भरून निघाला, पोलिसाचा बिल्ला क्रमांक अमुक, हे टिकतं. म्हणून बाहेर आलेल्या प्रत्येकाला लगेच गाठून विचारायचं, डोळ्यांनी पाहिलेलं आणि ऐकीव यांची सरमिसळ करायची नाही, आणि शक्य तितक्या लवकर नोटरीपुढे प्रतिज्ञापत्र करून घ्यायचं.

दुसरी नोंद टेलिफोनची. संघटनांच्या ऑफिसांत ‘वॅट्स’ नावाची लांब पल्ल्याची लाइन घेतलेली होती, महिन्याचं भाडं ठरलेलं, फोन कितीही करा. निघताना कळवायचं, पोचल्यावर कळवायचं, वेळ टळली की ऑफिसने तुरुंगांना आणि इस्पितळांना फोन लावायचे. दिवसभराचं सगळं टाइप होऊन वकील, वार्ताहर, वॉशिंग्टन यांच्याकडे जाई. २१ जून १९६४ रोजी जेम्स चेनी, अँड्र्यू गुडमन आणि मायकेल श्वर्नर हे मोहिमेतले तीन कार्यकर्ते एका जळालेल्या चर्चची पाहणी करायला मेरिडियनहून नेशोबा काउंटीत गेले. दुपारी ४ पर्यंत परतणार होते. ते आले नाहीत म्हणून फोनाफोनी सुरू झाली. त्याच काउंटीतल्या फिलाडेल्फिया गावच्या तुरुंगाने ते इथे नाहीत असं सांगितलं. ते तिथेच होते. रात्री साडेदहाच्या सुमारास त्यांना सोडण्यात आलं आणि वाटेत गाठून मारण्यात आलं. ४ ऑगस्टला मातीच्या बांधाखाली तिघांची प्रेतं सापडली. तिघं बेपत्ता झाल्याची बातमी जूनमध्ये, ओहायोत दुसरी तुकडी प्रशिक्षणाला बसली होती तेव्हाच पोचली. त्या आठवड्यातली पत्रं म्हणून वेगळी वाचावी लागतात. त्यांत आईबापांची समजूत घालणं आहे, आणि तरीही आम्ही जाणार हे सांगणं आहे.

उन्हाळ्याअखेर हिशेब असा होता: सुमारे १७,००० कृष्णवर्णीय नोंदणीसाठी गेले, जेमतेम १,६०० नावं चढली. हजारावर अटका, किमान ८० कार्यकर्त्यांना मारहाण, तीसच्या वर चर्चं जाळली किंवा उडवली. नोंदणीच्या आकड्यावरून मोहीम फसली असं म्हणता येईल. पण प्रतिज्ञापत्रांचे ढीग साचले होते. मिसिसिपी फ्रीडम डेमोक्रॅटिक पार्टी या नव्या पक्षाने ऑगस्टमध्ये अटलांटिक सिटीत डेमोक्रॅटिक पक्षाच्या राष्ट्रीय अधिवेशनात राज्याच्या गोऱ्या प्रतिनिधींच्या जागांवर दावा केला. हेमर यांची साक्ष टीव्हीवर देशभर गेली. दोन जागांची तडजोड पुढे आली, ती त्यांनी नाकारली. मग १९६५ मध्ये अमेरिकी संसदेच्या प्रतिनिधीगृहातल्या मिसिसिपीच्या पाचही सदस्यांच्या निवडीलाच आव्हान देण्यात आलं. त्यासाठी वकील राज्यात फिरले आणि ६०० हून अधिक जबान्या झाल्या. १७ सप्टेंबर १९६५ रोजी प्रतिनिधीगृहाने हे आव्हान २२८ विरुद्ध १४३ मतांनी फेटाळलं.

त्याआधी अलाबामातल्या सेल्माचं प्रकरण देशाने पाहिलं होतं. तिथे मतदानाच्या वयाच्या सुमारे १५,००० कृष्णवर्णीयांपैकी तीनशेच्या आसपास नोंदलेले, आणि नोंदणी ऑफिस महिन्यातून दोनच सोमवारी उघडं. ७ मार्च १९६५ ला एडमंड पेटस पुलावर मोर्चावर लाठ्या आणि अश्रुधूर चालले. ६ ऑगस्टला मताधिकार कायद्यावर राष्ट्राध्यक्षांची सही झाली. त्या कायद्याची कलमं या सगळ्या कागदांच्या पार्श्वभूमीवर वाचली की कळतात. परीक्षा सरसकट स्थगित केली, कारण एकेका क्लार्कवरच्या खटल्यांना वर्षं लागत होती. केंद्राचे परीक्षक थेट काउंटीत बसवले, कारण टेबलामागचा माणूस बदलल्याशिवाय काही हलत नव्हतं. नियम बदलण्याआधी केंद्राची मंजुरी सक्तीची केली, कारण एक अट पडली की दुसरी उभी राहत होती. १९६४ मध्ये मिसिसिपीत ६.७ टक्के कृष्णवर्णीय प्रौढ नोंदलेले होते. १९६७ पर्यंत ते प्रमाण जवळपास ६० टक्क्यांवर गेलं. पूर्वमंजुरी कोणाला लागू ते ठरवणारं सूत्र सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये रद्द केलं, त्यामुळे ती तरतूद आज निष्प्रभ आहे.

हे कागद वाचायला घेणार असाल तर प्रकार ओळखून वाचा. पत्र आईसाठी असतं, त्यात भीती गाळलेली असते. वॅट्सची नोंद घाईची, तिच्यात त्या तासाला कळलेलं असतं आणि दुसऱ्या दिवशी दुरुस्तीही असते. प्रतिज्ञापत्र वकिली साच्यातलं, रुक्ष, पण क्रम आणि वेळ त्यातच नेमके सापडतात. चाळीस-पन्नास वर्षांनी घेतलेल्या मुलाखतींत तारखा घसरतात, मात्र तेव्हा उघड करता न आलेली नावं तिथे मिळतात: कोणाच्या घरी राहिलो, बंदूक घेऊन रात्रभर ओट्यावर कोण बसलं, जामिनासाठी जमीन कोणी गहाण ठेवली. त्या काळच्या कागदांत ही माणसं मुद्दाम वगळलेली आहेत, त्यांच्याच जिवासाठी. त्यामुळे नुसती पत्रं वाचली तर विद्यार्थीच सगळं करत होते असं चित्र उभं राहतं. एकाच काउंटीचे चारही प्रकारचे कागद शेजारी ठेवले की घरमालकीण, चर्चचा राखणदार, गाडी देणारा न्हावी दिसू लागतात. विद्यार्थ्यांतले बरेच जण ऑगस्टअखेर कॉलेजला परतले. या लोकांना सप्टेंबरमध्ये कापूस वेचायला त्याच मालकाच्या शेतावर उभं राहायचं होतं.